हे गृहस्थ कुणाचे?

३ फेब्रुवारी

चि. छबडीस,

अनेक आशीर्वाद. तुझं पत्र पोचलं. आत्याला मोठ्यानं वाचून दाखवलं. दिग्दर्शकसाहेबांच्या शेजारी खुर्ची टाकून तू बसतेस आणि कुठलं दृश्य ठेवायचं, कुठलं गाळायचं हे ते तुला विचारतात, तो भाग तिनं दोनदा वाचायला लावला. खरं म्हणजे एकदा तिनं लावला, दुसऱ्यांदा मीच वाचला.

इकडे ठीक आहे. निवृत्त होऊन दोन वर्षं झाली, तरी साडेपाचला डोळा उघडतो आणि पाय शाळेच्या पटांगणाकडे वळतात. नवा कवायत मास्तर पोरांना रांगेत बोलू देतो. मी कुंपणाबाहेर उभा राहतो, चकार शब्द काढत नाही. पोरं मात्र मला बघून आपोआप ताठ होतात. तीस वर्षं 'सावधान' ओरडलो, तेच माझं नाव पडलं. 'सावधान आले' असं कुजबुजतात, मला ऐकू येतं.

शनिवारी भिंगरीचा नवा मूकपट लागला. मी तीनदा पाहिला. काय पडते ती बाई! लोकांना तिचं पडणं दिसतं, मला तिचा तोल दिसतो. शरीर इतकं ताब्यात ठेवणारं माणूस मी तीस वर्षांत पटांगणावर पाहिलं नाही. तुझी आत्या म्हणते, म्हातारपणी याला हे काय सुचलंय. तिला कवायतीतलं काय कळतंय.

तू तर तिला रोज बघतेस. खरोखर तशीच आहे का? उंची किती असेल? माझा अंदाज पाच फुटांना जरा कमी. एखाद्या दिवशी, तुझ्या कामात अडचण होणार नसेल तर, तुमची ती चित्रीकरणाची, काचेच्या छपराची शेड बाहेरून बघायला मिळाली तर बरं वाटेल. आत यायचा माझा आग्रह नाही. भिंगरीबाईंशी बोलायचा तर मुळीच नाही. फार तर नमस्कार.

तुझा,
बाबा


१२ फेब्रुवारी

ती. बाबांना सा. न.

तुमचं पत्र वाचून आनंद झाला, पण एक सांगायलाच हवं. इथले नियम फार कडक आहेत. परक्या माणसाला फाटकाच्या आत पाऊल टाकू देत नाहीत, मग तो कुणाचा कुणी का असेना. आणि बाहेरून बघण्यासारखं काहीच नाही, नुसती पत्र्याची भिंत आणि तिच्यावर बसलेली कबुतरं.

त्यात हल्ली साहेब मला क्षणभर सोडत नाहीत. तुम्ही आलात आणि मी भेटायला बाहेर येऊ शकले नाही तर तुम्हाला वाईट वाटेल आणि मलाही. त्यापेक्षा उन्हाळ्यात मीच घरी येते.

भिंगरीबाई पडद्यावर दिसतात तशाच आहेत. परवाच माझ्या टेबलाशी येऊन गप्पा मारून गेल्या. फार साध्या आहेत. तुमच्यासारखे चाहते गावोगाव आहेत हे त्यांना ठाऊक आहे, तेव्हा मुद्दाम येऊन सांगायची गरज नाही.

आत्याला नमस्कार.

तुमची,
छबडी


२० फेब्रुवारी

चि. छबडीस आशीर्वाद.

मी आपलं सहज विचारलं होतं. तू मनाला लावून घेऊ नकोस. शिस्त असलीच पाहिजे. मी फाटकावरचा दरवान असतो तर मीही कुणाला आत सोडलं नसतं.

मार्चच्या सुरुवातीला चार दिवस मी एका जुन्या विद्यार्थ्याकडे जाणार आहे. त्याचा फार आग्रह आहे. काळा कोट उलटून शिवून घेतला, नव्यासारखा दिसतो. नवा टायही घेतला. आत्या विचारत होती, विद्यार्थ्यासाठी एवढं कशाला? मी म्हटलं, मास्तर विद्यार्थ्यासमोर गबाळा गेला तर तीस वर्षं काय शिकवलं?

तुझा,
बाबा

ता. क. – भिंगरीबाई टेबलाशी आल्या होत्या म्हणतेस, पण उंचीचं लिहायला विसरलीस.


१४ मार्च

ती. बाबांना सा. न.

तुमचं पत्र बऱ्याच दिवसांत आलं नाही म्हणून लिहिते आहे. विद्यार्थ्याकडून सुखरूप परत आलात ना? तब्येत कशी आहे? पायाला काही लागलंबिगलं नाही ना? असंच विचारते. हवा बदलली आहे, सर्दी सांभाळा. ओल्या कपड्यांत राहू नका.

इथे सगळं नेहमीसारखं. मला वरची जागा मिळाली. कामाचं कौतुक झालं. त्याबद्दल पुन्हा कधीतरी.

तुमची,
छबडी


२२ मार्च

चि. छबडीस आशीर्वाद.

वरची जागा मिळाली हे वाचून समाधान वाटलं. आत्यानं शेजारपाजारच्या चार घरी सांगितलं.

गुडघा थोडा दुखतो आहे. शाळेच्या पायरीवरून पाय घसरला. सर्दी होती, गेली. विद्यार्थ्यानं बडदास्त चांगली ठेवली, पण आता पुन्हा कुठे जाईन असं वाटत नाही. आपलं घर बरं.

तुमच्या कामात दिवसभर ते पांढरे हातमोजे घालून बोटं आखडत असतील. संध्याकाळी कोमट पाण्यात हात धरत जा. हे मी कुठेतरी वाचलं.

तुझा,
बाबा


२९ मार्च

ती. आत्यास सा. न.

हे पत्र बाबांच्या हाती पडू देऊ नकोस. म्हणूनच शेजारच्या शिंपीणबाईंच्या पत्त्यावर पाठवते आहे.

बाबा कुठल्याही विद्यार्थ्याकडे गेले नव्हते. ते इथे आले होते.

आधी माझं खोटं सांगते. मी साहेबांच्या शेजारी बसत नाही. साहेबांना माझं नावसुद्धा ठाऊक नव्हतं. आमचं जोडखातं मागच्या इमारतीत आहे. काळे पडदे लावलेली एक लांबट खोली, तिच्यात आम्ही अठरा बायका. डोक्याला फडकं, अंगावर खाकी एप्रन, हातांत पांढरे मोजे. वरून चिठ्ठी येते, तिच्याप्रमाणे फिल्मचे तुकडे कापायचे, कड खरवडायची, द्रावण लावायचं, दाबून धरायचं आणि मनात दहा मोजायचे. पाच वर्षं मी हेच करते आहे. भिंगरीबाईंना एवढ्या काळात चारदा पाहिलं, तेही लांबून. पहिल्या वर्षी घरी बरं दिसावं म्हणून खुर्चीचं लिहिलं आणि मग त्या खुर्चीवरून उतरताच येईना. बाबांना येऊ नका म्हटलं ते नियमांमुळे नाही, त्या खुर्चीमुळे.

मोज्यांबद्दल मी घरी कधीच लिहिलं नव्हतं. परवाच्या पत्रात बाबांनी लिहिलं, तेव्हा कळलं की त्यांनीही मला पाहिलं.

घडलं ते असं. त्या दिवशी फाटकावर गर्दीच्या दृश्यासाठी माणसं निवडत होते. बाबा त्या रांगेत नव्हते, नुसते बाजूला उभे होते. दरवानानं मला नंतर सांगितलं की त्यांची ती ताठ मान, मिशा आणि काळा कोट बघून त्याला वाटलं, हे पोलीस अधिकाऱ्याचं काम करणारे नट आहेत. त्यानं सलाम ठोकला. बाबांनीही ठोकला आणि सरळ आत चालत आले.

आत धोबीखान्याचा देखावा लावला होता. भिंतीला एक खोटा दरवाजा, त्याच्या बाजूला साबणाच्या फेसानं भरलेला माणूस बुडेल एवढा टब. मी आणि आमच्यातल्या तिघी जोडलेल्या रिळांचे डबे घेऊन तिथे आलो होतो. कॅमेरा फिरायला लागला आणि मला त्या दरवाजाशी एक पाठ दिसली. आत्या, आपल्या माणसाची पाठ ओळखायला किती वेळ लागतो? दरवाजा उघडून भिंगरीबाई ओल्या कपड्यांची टोपली घेऊन बाहेर आल्या. बाबांनी टाचा जुळवून सलाम केला, त्यांना वाट द्यायला एक पाऊल मागे घेतलं आणि टबात गेले.

उठले. फेस तसाच अंगावर, पुन्हा ताठ झाले, पुन्हा सलाम केला, पुन्हा घसरले. असं तीनदा. साहेबांनी हातानं खूण केली, थांबवू नका. भिंगरीबाई कसलेल्या नटी. त्यांनी टोपलीतला कपडे घासायचा ब्रश काढला आणि बाबांच्या मिशा घासल्या. मग कॅमेऱ्याकडे बघून डोळे फिरवले. सगळी शेड पोट धरून हसत होती. सुतार शिडीवरून उतरून बघायला आले.

नंतर ते ओलेचिंब, बूट हातात घेऊन फाटकाबाहेर गेले. एवढ्या गर्दीत मला त्यांच्यापर्यंत पोचता आलं नाही.

ते दृश्य चित्रात ठेवलं आहे. ते रीळ माझ्याच टेबलावर आलं आणि मला जोडावं लागलं. एप्रिलमध्ये चित्र आपल्या गावात लागेल. कॅमेरा चालू होता हे बाबांना कळलंच नसेल, त्यांना वाटत असेल सगळं तिथल्या तिथे मिटलं. तू काहीही कर, पण त्यांना ते बघायला जाऊ देऊ नकोस.

तुझी,
छबडी


२७ एप्रिल

चि. छबडीस,

आशीर्वाद देते, पण रागातच देते.

तू मला लिहिलंस 'काहीही कर'. केलं. चित्र लागलं त्या दिवशी मी छातीत कळ आल्याचं सोंग केलं, पलंगावर आडवी पडले. तुझ्या बापानं घड्याळ काढून माझी नाडी मोजली आणि म्हणाला, बहात्तर, उत्तम आहे, चल, तूही चल. मी गेले. म्हटलं निदान शेजारी तरी बसते.

तिसऱ्या रांगेत बसलो होतो. एका बाजूला हेडमास्तर, मागे त्याचे जुने विद्यार्थी, आता बापे झालेले. पहिला अर्धा तास तुझा बाप सगळ्यांत मोठ्यानं हसत होता. मग तो धोबीखाना आला. दरवाजाशी कोणीतरी पाठमोरा उभा. तुझा बाप मला म्हणाला, हा कोण गाढव मधे उभा आहे? मग त्या गाढवानं सलाम ठोकला.

माझा हात त्याच्या हाताला लागला होता. त्यानं आपला हात हळूच काढून घेतला.

पहिल्यांदा पडला तेव्हा लोक नुसते हसले. दुसऱ्यांदा कुणाला तरी ओळख पटली. मागून आवाज आला, 'सावधान!' मग जे हसणं फुटलं, ते मी आयुष्यात ऐकलं नव्हतं. पडद्यापुढे बसून वाजवणाऱ्याला त्याची स्वतःची पेटी ऐकू येईना, त्यानं वाजवायचं थांबवलं. तुझा बाप उठला नाही. मांडीवर हात ठेवून शेवटपर्यंत ताठ बसला. दिवे लागले तरी बसला. लोक काही वाईट नव्हते ग. चार जणांनी तर येऊन हात मिळवला, मास्तर, काय काम केलंत, आधी सांगितलं का नाही? त्यानंच तो जास्त मेला. कुणी टोमणा मारला असता तर त्याला उत्तर देता आलं असतं.

आता आठ दिवस झाले. साडेपाचला उठतो, बूट घालतो, नाड्या बांधतो आणि पलंगावर बसून राहतो. बाहेर पाऊल नाही. दाढी नाही. ज्यानं तीस वर्षं पोरांची नखं तपासली, त्याच्या गालावर पांढरं रान माजलंय. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, पण हे मी त्याच्या तोंडावर म्हणत नाही.

तुझ्याबद्दल अक्षर काढलं नाही. मीच म्हटलं, पोरीनं आधी कळवायला नको होतं का? तर म्हणतो, तिला कुठून माहीत असणार, ती साहेबांजवळ बसते, त्या दिवशी तिकडे ती नव्हतीच. मला, सख्ख्या बहिणीला, तुझ्यासाठी तोंडावर खोटं बोलला. तुझं पत्र माझ्या पदरात बांधलेलं होतं.

मला लिहून काय उपयोग? मी काय टपालपेटी आहे? त्याला लिही.

आत्या


२ मे

बाबा,

आत्यानं मला सगळं कळवलं. मीही तिला कळवलं होतं, पण सगळं नाही. जे तिला लिहायची हिंमत झाली नाही ते तुम्हाला लिहिते आहे. तुम्हाला ते माहीत आहेच, तरी ते माझ्या हातून लिहिलं गेलं पाहिजे.

तुम्ही टबातून बाहेर आलात तेव्हा साहेबांनी विचारलं, हे गृहस्थ कुणाचे? दरवान धावत आला आणि म्हणाला, हे म्हणत होते की यांची मुलगी साहेबांजवळच काम करते. साहेब हसले. आमच्याकडे वळून म्हणाले, "तुमच्यापैकी कुणाचे वडील आहेत का हे?" बाकीच्या तिघींनी नकारार्थी माना हलवल्या. त्यांतल्याच आमच्या जोडखात्याच्या मुख्य बाईंनी माझा चेहरा पाहिला असावा. त्या हळूच म्हणाल्या, "तुझे?"

मी म्हणाले, "नाही."

तुम्ही माझ्यापासून पाच पावलांवर होतात. तुमच्या भुवईवरून फेस गळत होता. तुम्ही माझ्याकडे बघितलंत आणि साहेबांना म्हणालात, माझी चूक झाली, माझी मुलगी दुसऱ्या कंपनीत आहे. मला वाचवायला तुम्ही ते म्हणालात. आणि त्याबद्दल नंतरच्या पत्रात एक शब्द लिहिला नाहीत. उलट माझी बोटं आखडतील याची काळजी केलीत. ते पत्र मी टेबलाच्या खणात ठेवलं आहे आणि तो खण उघडत नाही.

एवढंच असतं तर एक वेळ म्हणाले असते, भीतीनं झालं. पण पुढचं भीतीनं झालं नाही. ते रीळ माझ्या टेबलावर आलं. चिठ्ठीत लिहिलं होतं, तिन्ही वेळचं पडणं सलग लावा. मी लावलं. मुख्य बाईंनी बघितलं आणि म्हणाल्या, तिसऱ्याला मजा येत नाही, तोवर बघणारा थकतो. मी ते पुन्हा हातात घेतलं. उजेडासमोर धरून एकेक चित्र बघितलं. दुसऱ्यांदा उठल्यावर तुम्ही थोडा वेळ नुसते उभे होतात, तोल सावरत. तेवढा तुकडा मी काढून टाकला. आता सलाम होतो न होतो तोच पाय सुटतो. बाबा, ते करताना मी हसले. एकटीच, टेबलाशी. तो माणूस माझा बाप आहे हे मी विसरले होते, मला फक्त जोड बरोबर बसल्याचा आनंद झाला.

चाचणीच्या खेळाला सगळे हसून कोसळले. साहेब उठून म्हणाले, हे कुणी जोडलं? आणि मी लगेच हात वर केला. तुमच्याबद्दल विचारलं तेव्हा नाही म्हणाले. हे विचारलं तेव्हा क्षणही लागला नाही. वरची जागा मला त्यासाठी मिळाली.

मला माहीत आहे तुम्ही का आला होतात. आईला तिच्या आजारपणात भिंगरीबाईंची चित्रं बघून बरं वाटायचं. तुम्हाला त्यांना तेवढंच सांगायचं असेल, आभार मानायचे असतील. आणि आम्ही तुमचं असं केलं.

मी नोकरी सोडते आहे. घरी येते. लोकांना काय सांगायचं ते तुम्ही ठरवा.

छबडी


१३ मे

चि. छबडीस,

तुझं पत्र चार वेळा वाचलं. आत्याला वाचून दाखवलं नाही. ती पाय आपटते आहे, आपटू दे.

पहिली गोष्ट, तुझ्या आईला भिंगरी अजिबात आवडत नसे. ती म्हणायची, एवढ्या वेळा पडते, हिच्या कंबरेचं पुढे काय होईल? एकदा बरोबर आली आणि झोपली. तेव्हा तिला यात आणू नकोस. मी गेलो कारण मला जायचं होतं. भिंगरीबाईंना जवळून बघायचं होतं आणि त्यांनी मला बघावं असं वाटत होतं. त्यासाठी टाय घेतला. एकसष्टाव्या वर्षी. वर्तमानपत्रातलं त्यांचं चित्र माझ्या कवायतीच्या वहीत आहे, तेही आता सांगून टाकतो.

दुसरी गोष्ट जड आहे. तू समजतेस की मी तुला वाचवायला खोटं बोललो. गेले दोन महिने मीही स्वतःची तशीच समजूत घालत होतो. तुझं पत्र आल्यावर ते जमेना.

आत शिरल्यावर मी आधी तुझी खुर्ची शोधली. साहेबांच्या शेजारी एक खुर्ची होती, तिच्यावर एक कुत्रं बसलं होतं. मग तू आलीस. डोक्याला फडकं, एप्रन, हातात डबे, आणि तुझ्यासारख्याच आणखी तिघी. त्या वेळी मी कोरडा होतो. कुणी मला हसत नव्हतं. हाक मारली असती तर तू वळली असतीस. पण भिंगरीबाई दहा पावलांवर कुणाशी तरी बोलत उभ्या होत्या, आणि फाटकावर दरवानाला सलाम ठोकताना मी छाती फुगवून सांगून आलो होतो की माझी मुलगी साहेबांजवळ असते. ती मुलगी म्हणजे ही, असं मला त्यांच्यासमोर म्हणवेना. मला लाज वाटली. खोटं लिहिलंस त्याची नाही, तुझी. तुझ्या त्या एप्रनची. तू मला पाहू नयेस म्हणून मी पाठ फिरवली आणि समोर दिसला त्या दरवाजाच्या आडोशाला जाऊन उभा राहिलो. तो देखाव्यातला दरवाजा आहे हे मला काय ठाऊक.

म्हणजे तू 'नाही' म्हणालीस त्याच्या आधीच मी म्हणून बसलो होतो. फक्त ते कुणाला ऐकू गेलं नाही. टबात पडलो ते योग्यच झालं असं मी म्हणणार नाही, गुडघा अजून दुखतो. पण तुझं 'नाही' कानावर आलं तेव्हा मला राग आला नाही, तो का, ते आता कळलं.

नोकरी सोडू नकोस. तू काढलेला तुकडा मला थिएटरातच जाणवला होता. दुसऱ्यांदा उठल्यावर मी चार आकडे मोजण्याइतका वेळ उभा होतो हे मला पक्कं आठवतं. पडद्यावर एकच आकडा होता. कवायतीत पोरं असे मोकळे आकडे घुसवायची, मी तीस वर्षं ते काढत आलो. बरोबर काढलास. एवढं मी बाप म्हणून नाही, मास्तर म्हणून लिहितो. बाप म्हणून ते चित्र मला पुन्हा बघवणार नाही, आणि मी त्यावर हसलो असं सांगून तुला दिलासा देणार नाही.

काल दाढी करायला गेलो. तीन आठवड्यांनी. न्हावी माझाच विद्यार्थी, शेवटच्या रांगेतला. चार माणसं बाकावर होती, मी शिरलो तसे चारही जण जमिनीकडे बघायला लागले. न्हाव्यानं फेस केला. ब्रश माझ्या मिशांजवळ आणला आणि त्याचा हात थरथरायला लागला. ओठ घट्ट मिटले होते, डोळ्यांत पाणी आलेलं. वस्तरा अजून उचलायचा होता. मी म्हटलं, "आधी हसून घे, मग वस्तरा धर." तो खाली बसून हसला. बाकावरची चारही हसली. मी आरशात स्वतःकडे बघत होतो. कान लाल झाले होते, पण उठून गेलो नाही. उठून कुठे जाणार, अर्ध्या गालाला फेस होता.

मग सगळे बोलायला लागले. तो टब खरा होता का, पाणी गरम होतं का, भिंगरी बोलते कशी. मी सांगितलं, पाणी थंड होतं आणि त्या बोलल्या नाहीत. मग मी न विचारताच सांगितलं की ते चित्र माझ्या मुलीनं जोडलं आहे. कुणीतरी म्हणालं, ती साहेबांजवळ बसते ना? मी म्हटलं, नाही, मागच्या इमारतीत बसते, अठरा बायकांत, हातात मोजे घालून तुकडे जोडते, आणि तिथली सगळ्यांत चांगली जोडणारी आहे. हे मी मोठ्यानं बोललो, पटांगणावर बोलतो तसं. रस्त्यावरही ऐकू गेलं असेल.

न्हाव्यानं वस्तरा धरला होता. तो थांबला आणि म्हणाला, "म्हणजे मास्तर, तुम्ही पडलात तेव्हा ती तिथेच होती?"

मी म्हटलं, "होती."

"मग?"

मी म्हटलं, "तू वस्तरा चालव."

त्याच्या पुढचं मी कुणाला सांगणार नाही, तूही सांगू नकोस. ते आपल्या दोघांचं आहे. जूनमध्ये रजा मिळाली तर ये. मी स्टेशनवर येईन आणि आपण बाजारातल्या रस्त्यानं घरी जाऊ.

तुझा,
बाबा